पतपेढी ते सचिवालय : वैकुंठभाई मेहता आणि कल्याणपलीकडचा पट्टा

बँकेच्या कारभारात आयुष्याचा मोठा भाग घालवून मग राज्यकारभारात आलेल्या माणसांचा विचार महाराष्ट्रात निघाला, की पहिले नाव चिंतामणराव देशमुखांचे घेतले जाते, आणि ते योग्यही आहे. परंतु देशमुख मुळात सनदी अधिकारी होते, सरकारी सेवेतून ते रिझर्व्ह बँकेत गेले आणि तेथून 1950 साली केंद्रीय अर्थमंत्री झाले, म्हणजे त्यांचा प्रवास सरकारातून सुरू होऊन सरकारातच पोहोचला. वैकुंठ लल्लूभाई मेहता यांची वाट याहून वेगळी होती. वयाच्या एकविसाव्या-बाविसाव्या वर्षी ते एका नव्या सहकारी बँकेत कामाला लागले, सुमारे चौतीस वर्षे तिचा कारभार पाहिला आणि 1946 साली मुंबई प्रांतातील बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळात अर्थ, सहकार आणि ग्रामोद्योग ही खाती घेऊन बसले. सहकाराच्या इतिहासात त्यांचे नाव बारामती आणि प्रवरानगर यांच्याबरोबर येते, कल्याणच्या पुढे कर्जतच्या दिशेने जाणाऱ्या रेल्वेमार्गावरील उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर यांच्याबरोबर सहसा येत नाही. तरीही त्यांच्या अर्थविचाराची खरी परीक्षा पाहायची तर हाच पट्टा अधिक उपयोगी पडतो, कारण निर्वासितांची वसाहत, परकीय भांडवलाचा कारखाना आणि भातशेती व जंगल यांवर जगणारी गावे ही तीन टोकाची अर्थजीवने येथे पंधरा-वीस किलोमीटरांच्या आत शेजारी शेजारी नांदत होती आणि तिन्हींशी वैकुंठभाईंच्या हातातील खात्यांचा कोणत्या ना कोणत्या मार्गाने संबंध आला.

वैकुंठभाईंचा जन्म 23 ऑक्टोबर 1891 रोजी भावनगरला झाला, शिक्षण मात्र मुंबईत, एल्फिन्स्टन महाविद्यालयात झाले. त्यांचे वडील लल्लूभाई सामळदास हे भावनगर संस्थानाच्या कारभारातून मुंबईच्या व्यापारी जगात आलेले गृहस्थ होते आणि पुढे सिंदिया जहाज कंपनीच्या संस्थापकांतही त्यांची गणना झाली. धाकटे बंधू गगनविहारी मेहता 1952 ते 1958 या काळात अमेरिकेत भारताचे राजदूत होते. सर विठ्ठलदास ठाकरसी आणि लल्लूभाई यांच्या पुढाकाराने 1911 साली मुंबई मध्यवर्ती सहकारी बँक स्थापन झाली. 1904 च्या सहकारी पतसंस्था कायद्याने गावोगाव छोट्या पतपेढ्या निघाल्या होत्या; परंतु गावातील सगळ्यांनाच पेरणीच्या वेळी एकदम पैसा हवा असतो आणि सगळ्यांकडेच सुगीनंतर तो एकदम येतो, त्यामुळे गावच्या ठेवींवर गावची कर्जे भागत नाहीत. शहरातील ठेवी आणि रोखे यांच्या रूपाने जमलेला पैसा या पतपेढ्यांपर्यंत पोहोचवणे हे नव्या बँकेचे काम होते. अशा बँकेला पुढे शिखर बँक म्हणू लागले, म्हणजे प्राथमिक संस्था पायाशी, जिल्हा बँक मध्ये आणि प्रांताची बँक माथ्यावर अशी उतरंड. हीच संस्था पुढे मुंबई प्रांतिक सहकारी बँक म्हणून ओळखली गेली आणि आजची महाराष्ट्र राज्य सहकारी बँक तिचीच वारसदार आहे.

वडिलांनी उभारलेल्या बँकेत मुलाला जागा मिळाली, हे लपवण्याचे कारण नाही. त्या काळच्या मुंबईत बहुतेक संस्था अशाच चालत. मात्र वैकुंठभाईंनी त्या जागेचे जे केले ते वारशाने मिळण्यासारखे नव्हते. आधी व्यवस्थापक आणि पुढे व्यवस्थापकीय संचालक या नात्याने त्यांनी बँकेच्या कर्जव्यवहाराला एक निश्चित विचार दिला. सावकार जमिनीकडे पाहून कर्ज देतो, कारण कर्ज बुडाले तर जमीन हाती येते. सहकारी बँकेने पिकाकडे आणि कर्जाच्या हेतूकडे पाहावे, कर्ज ज्या कामासाठी दिले त्याच कामात ते लागते की नाही यावर देखरेख ठेवावी आणि मालाच्या विक्रीतूनच त्याची वसुली व्हावी, असा हा विचार होता. ज्या भागांत जिल्हा बँक नव्हती तेथे प्रांतिक बँकेने स्वतःच्या शाखा उघडल्या, आणि नीरा कालव्यावरील ऊस बागायतदारांना बारामतीच्या शाखेतून जो पतपुरवठा झाला तो या विचाराचा सर्वांत यशस्वी प्रयोग ठरला. 1937 साली निबंधक एम. डी. भन्साळी यांच्याबरोबर वैकुंठभाईंनी मुंबई प्रांतातील सहकारी चळवळीच्या पुनर्रचनेवर अहवाल लिहिला, तो मेहता-भन्साळी अहवाल म्हणून ओळखला जातो. जागतिक मंदीत शेतमालाचे भाव कोसळून पतपेढ्यांची थकबाकी डोंगराएवढी झाली होती आणि नुसते कर्ज देणाऱ्या संस्थेऐवजी बी-बियाणे, खरेदी-विक्री आणि कर्ज ही सारी कामे एकत्र करणारी बहुउद्देशीय संस्था हवी, हा मुद्दा त्या काळातच पुढे आला.

या विचाराची एक मर्यादा बारामतीत दिसण्यासारखी नव्हती. उसाचे पीक मोठे, ठरलेल्या कारखान्याला किंवा गुऱ्हाळाला जाणारे आणि रोख पैसा देणारे. तेथे पिकावर कर्ज देणे बँकेला परवडते. जेथे पीक घरच्या तोंडालाच पुरत नाही, किंवा जेथे पीकच नाही, तेथे काय करायचे, हा प्रश्न वैकुंठभाई मंत्री होईपर्यंत त्यांच्यासमोर पूर्ण आकारात उभा राहिला नव्हता.

एप्रिल 1946 मध्ये खेरांचे दुसरे मंत्रिमंडळ आले. त्यात गृह आणि महसूल मोरारजी देसाईंकडे, मजूर खाते गुलझारीलाल नंदांकडे, स्थानिक स्वराज्य वसईच्या गोविंद धर्माजी वर्तकांकडे आणि अर्थ व सहकार वैकुंठभाईंकडे होते. अर्थमंत्र्याचे काम सोपे नव्हते, कारण 1947 पासून टप्प्याटप्प्याने दारूबंदी आणण्याचा आणि 1950 पर्यंत ती सर्व राज्यात लागू करण्याचा निर्णय झाला होता, आणि अबकारी म्हणजे दारूवरील कर हा तर प्रांताच्या उत्पन्नाचा जुना मोठा स्रोत होता. ते खिंडार बुजवण्यात 1946 पासून लागू झालेल्या विक्रीकराचा वाटा मोठा होता. गांधीजींच्या विचाराचा, खादी वापरणारा अर्थमंत्री दारूचे उत्पन्न सोडून देतो यात आश्चर्य नाही. पण मुंबईच्या व्यापाऱ्यांकडून विक्रीकर वसूल करून हिशेब जमवतो, यात बँकेतली चौतीस वर्षे दिसतात.

या हिशेबात फाळणीने नवा खर्च घातला. कल्याणजवळ दुसऱ्या महायुद्धात लष्कराच्या तात्पुरत्या मुक्कामासाठी उभारलेली छावणी होती, तिच्या दोन हजारांहून अधिक बरॅकी युद्धानंतर रिकाम्या पडल्या होत्या. सिंधमधून जहाजांनी मुंबईला आलेल्या निर्वासितांची पाच कॅम्पांत विभागलेली वसाहत तेथे झाली. 8 ऑगस्ट 1949 रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते कोनशिला बसून तिला उल्हासनगर हे नाव मिळाले, आणि 1951 च्या जनगणनेत तिची वस्ती सुमारे 80 हजार भरली, म्हणजे तेव्हाच्या कल्याण किंवा ठाणे शहराहूनही मोठे गाव तीन-चार वर्षांत उभे राहिले होते. पुनर्वसनाची आर्थिक जबाबदारी मुख्यतः केंद्राची होती. मोठ्या कर्जांसाठी केंद्राने 1948 साली पुनर्वसन वित्त प्रशासन नावाची स्वतंत्र संस्था काढली आणि लहान कर्जे प्रांतिक सरकारांमार्फत दिली जात.

बँकेच्या दृष्टीने हा कर्जदार अगदी नव्या जातीचा होता. त्याच्याकडे तारण ठेवायला जमीन नव्हती, उभे पीक नव्हते, घर सरकारी बरॅकीतील एका खोलीपुरते होते, आणि शेजारीही त्याच्याइतकेच उपरे असल्यामुळे गावातील ओळख हा जो पतपेढीचा खरा पाया तोही नव्हता. जमिनीऐवजी कर्जाचा हेतू आणि कर्जदाराची कुवत पाहावी, हे वैकुंठभाईंचे तत्त्व जर कोठे तंतोतंत लागू पडण्यासारखे होते तर ते येथे. प्रत्यक्षात उल्हासनगरच्या धंद्याला उभारी आली ती मुख्यतः दुसऱ्याच रस्त्याने आली. सिंधी समाजात पतव्यवहाराची स्वतःची जुनी परंपरा होती. शिकारपूरचे सराफ, ज्यांना मुंबईच्या बाजारात मुलतानी म्हणत, ते फाळणीच्या कितीतरी आधीपासून मुंबईत हुंडीवर पैसा देत असत. हुंडी म्हणजे ठरलेल्या मुदतीनंतर रक्कम फेडण्याचा लेखी वायदा. तिच्यामागे तारण नसते, पेढीची आणि माणसाची पत असते. नातेवाईक, एकाच गावचे लोक आणि उधारीवर माल देणारे घाऊक व्यापारी यांच्या अशा जाळ्यातून रस्त्यावरचे फेरीवाले दुकानदार झाले आणि दुकानदारांनी बरॅकीच्या मागच्या भागांत यंत्रे बसवली. हेतू आणि कुवत पाहूनच येथेही कर्ज मिळत होते, फक्त पाहणारी नजर बँकेच्या निरीक्षकाची नव्हती, जातभाईची होती. सरकारी मदत नसती तर हे लोक पहिली दोन वर्षे तगले नसते हे खरे, पण त्यांची बाजारपेठ सरकारने किंवा सहकाराने उभारली असे म्हणणे धाडसाचे होईल.

बदलापूरच्या बाजूचा प्रश्न याच्या नेमका उलट होता. ही सारी गावे तेव्हा कल्याण तालुक्यात मोडत. खाली उल्हास नदीच्या खोऱ्यात पावसाळी भातशेती, वर मलंगगड-चंदेरीच्या डोंगरउतारांवर जंगल आणि तेथे ठाकर व कातकरी वस्त्या. ठाणे जिल्ह्यातील आदिवासी कुटुंबाच्या कर्जाचे सर्वांत नेहमीचे रूप म्हणजे खावटी, म्हणजे पावसाळ्यात घरातले धान्य संपले की सावकाराकडून आणलेले भात, जे सुगीला सव्वापट द्यायचे असेल तर सवाई आणि दीडपट द्यायचे असेल तर दिढी. चार-पाच महिन्यांच्या उसनवारीवरचे हे व्याज वर्षाच्या दराने मोजले तर डोळे पांढरे होतात. 1947 साली अमलात आलेल्या मुंबई सावकारी कायद्याने सावकाराला परवाना आणि व्याजाला मर्यादा आली, 1939 चा शेतकरी कर्जनिवारण कायदा 1947 साली नव्या रूपात आला, आणि सहकारी पतपुरवठ्याचा विस्तार करण्याचे धोरण ठरले. परंतु उत्पादक कामासाठीच कर्ज हे जे सहकारी बँकेचे शास्त्र होते त्यात खावटी बसत नव्हती, कारण ती पोटासाठी होती, पिकासाठी नव्हती. शास्त्र बँकेला वाचवणारे होते आणि म्हणूनच ते सोडता येत नव्हते. पण सावकाराचा दरवाजा उघडा राहिला तो याच फटीतून. कितीतरी वर्षांनी महाराष्ट्र सरकारला आदिवासींसाठी खावटी कर्जाची स्वतंत्र योजना काढावी लागली, ती या कारणाने.

त्याच मंत्रिमंडळाच्या काळात सुरू झालेला दुसरा प्रयोग मात्र अधिक मुळाशी जाणारा होता. जंगलातील झाडे तोडण्यासाठी वनखाते ठराविक तुकडे लिलावाने ठेकेदारांना देत असे, त्या तुकड्याला कूप म्हणतात. ठेकेदार आदिवासी मजुरांकडून तोड आणि कोळसा पाडण्याचे काम करून घेत आणि आगाऊ दिलेल्या उचलीत त्यांना वर्षानुवर्षे अडकवून ठेवत. डी. सिमिंग्टन या अधिकाऱ्याने 1930 च्या दशकाअखेर मुंबई प्रांतातील आदिवासींच्या स्थितीवर जो अहवाल दिला त्यात या पिळवणुकीचे स्पष्ट वर्णन होते, आणि 1945 साली ठाणे जिल्ह्याच्या उत्तर भागात वारल्यांनी केलेल्या उठावाने तो प्रश्न कागदावरून रानात आणला होता. खेरांच्या सरकारने त्या उठावाविरुद्ध पोलीस वापरले आणि 1947 पासून जंगल कामगार सहकारी संस्थाही काढल्या. दोन्ही गोष्टी एकाच सरकारच्या आहेत आणि पहिलीच्या सावलीशिवाय दुसरी समजत नाही. या संस्थांना लिलावाशिवाय कूप देण्यात येई, तोडीचे काम सभासद मजूर करत आणि विक्रीतील नफ्याचा वाटा संस्थेकडे राही. संस्थांना आधार देण्यासाठी समाजसेवी संस्था प्रायोजक म्हणून जोडलेल्या असत. येथे कर्जापेक्षा कामाचा हक्क सहकाराच्या हाती दिलेला होता, आणि वैकुंठभाईंच्या खात्यांतून निघालेल्या उपक्रमांत ठाणे जिल्ह्याच्या दृष्टीने हा सर्वांत मोलाचा मानावा लागेल. प्रवरेच्या काठी विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या सहकारी साखर कारखान्याला सरकारने दिलेला हात जास्त प्रसिद्ध झाला, कारण साखरेचे राज्य झाले आणि जंगलाचे झाले नाही.

अंबरनाथ हे उल्हासनगर आणि बदलापूर यांच्या मधले. अकराव्या शतकातील शिलाहारकालीन शिवमंदिराने ओळखले जाणारे हे गाव विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांत कारखान्यांचे झाले. धरमसी मोरारजी केमिकल कंपनीचा आम्ल आणि सुपरफॉस्फेट बनवणारा कारखाना येथे निघाला आणि 1920 च्या दशकात स्वीडिश काडीपेटी उद्योगाने स्थापलेल्या वेस्टर्न इंडिया मॅच कंपनीचा, म्हणजे विम्कोचा, मोठा कारखाना येथे आला. भारत सरकारने 1922 साली आयात काडीपेटीवर जबर जकात बसवली तेव्हा जकातीच्या भिंतीबाहेर राहण्याऐवजी आत येऊन माल बनवणे स्वीडिश कंपनीला फायद्याचे ठरले. 1934 साली देशात बनणाऱ्या काडीपेटीवरही अबकारी, म्हणजे कारखान्यातून माल बाहेर पडताना लागणारे उत्पादन शुल्क, बसले. गरिबातल्या गरिबाच्या घरातही चूल पेटवायला काडी लागते, त्यामुळे सरकारच्या दृष्टीने हा कर कधीही न आटणारा झरा होता.

1952 नंतर वैकुंठभाई मंत्रिमंडळात नव्हते, पण काडीपेटीशी त्यांची गाठ त्यानंतरच पडली, आणि तीही दोनदा, परस्परविरुद्ध बाजूंनी. के. सी. नियोगी यांच्या अध्यक्षतेखालील पहिल्या वित्त आयोगाचे ते सदस्य होते. वित्त आयोग म्हणजे केंद्राने गोळा केलेल्या करांतील किती वाटा राज्यांना द्यायचा आणि तो राज्याराज्यांत कसा विभागायचा हे सुचवणारी घटनात्मक समिती. 1952 च्या अखेरीस आलेल्या तिच्या अहवालाने तंबाखू, काडीपेटी आणि वनस्पती तूप या तीन वस्तूंवरील केंद्रीय अबकारीचा 40 टक्के भाग राज्यांना लोकसंख्येच्या प्रमाणात द्यावा अशी शिफारस केली, आणि प्राप्तिकराच्या राज्यांकडे जाणाऱ्या 55 टक्क्यांपैकी चार पंचमांश वाटप लोकसंख्येवर व फक्त एक पंचमांश कराच्या वसुलीवर ठरवले. कर मुंबईत सर्वांत जास्त गोळा होतो, म्हणून वसुलीला अधिक वजन मिळावे, ही मुंबई राज्याची मागणी होती. सहा वर्षे त्याच राज्याची तिजोरी सांभाळलेल्या माणसाने लोकसंख्येला झुकते माप देणाऱ्या अहवालावर सही केली. अंबरनाथच्या कारखान्यातून निघालेल्या पेटीवरच्या कराचा वाटा बिहारच्या आणि ओरिसाच्या खेड्यालाही मिळावा, असे ते मत होते.

1953 साली अखिल भारतीय खादी आणि ग्रामोद्योग मंडळ स्थापन झाले आणि वैकुंठभाई त्याचे अध्यक्ष झाले. 1957 साली कायद्याने खादी आणि ग्रामोद्योग आयोग आला तेव्हा त्याचेही ते पहिले अध्यक्ष होते, आणि 1963 पर्यंत ते पद त्यांच्याकडे राहिले. मंडळाच्या यादीत घाण्याचे तेल, गूळ-खांडसरी, हातकागद, मधमाशीपालन यांच्याबरोबर कुटिर काडीपेटी हाही उद्योग होता. यंत्रावर चालणाऱ्या मोठ्या कारखान्यापेक्षा हाताने काड्या भरणाऱ्या छोट्या केंद्राला अबकारी कमी असावी, हे मंडळाचे म्हणणे होते आणि उत्पादनाच्या आकाराप्रमाणे काडीपेटी केंद्रांचे वर्ग पाडून करात उतरती सवलत देण्याची पद्धत सरकारने चालवली. अशा रीतीने जो कर राज्यांत वाटायची शिफारस त्यांनी आधी केली होती त्याच करात सूट मागण्याची भूमिका त्यांच्याकडे आली. यात विसंगती शोधता येते, पण दोन्ही वेळी विचार एकच होता, की एका ठिकाणी साचणारा पैसा पसरवावा.

परिणाम मात्र अपेक्षेप्रमाणे झाला नाही. करसवलतीचा सर्वांत मोठा फायदा गावोगावच्या मंडळप्रणीत केंद्रांना न होता तमिळनाडूतील शिवकाशी, सात्तूर आणि कोविलपट्टी भागांतील खासगी मालकांना झाला, ज्यांनी स्वस्त मजुरी, घरोघर वाटून दिलेले काम आणि स्वतःचा व्यापारी जम यांच्या जोरावर हातबनावटीच्या काडीपेटीचा देशव्यापी धंदा उभा केला. त्या मजुरीत लहान मुलांचे श्रमही होते. शिवकाशीच्या स्पर्धेपुढे विम्कोसारख्या यंत्रकारखान्यांची पीछेहाट होत गेली आणि अंबरनाथचा कारखाना पुढे बंद झाला. कारखान्यातील संघटित कामगार एका बाजूला आणि दूरच्या जिल्ह्यातील घरबसल्या काड्या भरणारी बाई दुसऱ्या बाजूला, यांच्यातील निवड धोरण आखताना कोणी केली नव्हती. ती करवर्गांच्या कोष्टकातून आपोआप झाली. उल्हासनगरप्रमाणे येथेही सरकारी संस्थेने दिशा दाखवली आणि त्या दिशेने चालून गेली ती आधीपासून बांधलेली व्यापारी जाळी. हातसडीच्या तांदळाचेही असेच झाले. भातगिरण्यांच्या वाढीला आवर घालणारा कायदा 1958 साली संसदेने केला, तरी कल्याण-कर्जत पट्ट्यातील शेतकऱ्याला मुसळाचे श्रम वाचवणारी गिरणी हवी होती आणि ती त्याने स्वीकारली.

1959 साली केंद्र सरकारने सहकारी पतपुरवठ्यावर नेमलेल्या समितीचे अध्यक्षपद वैकुंठभाईंकडे आले, तेव्हा देशात एक मोठा वाद चालू होता. गोरवाला समितीच्या ग्रामीण पतपाहणीने 1954 साली अनेक गावे मिळून एक मोठी पतसंस्था आणि तिच्यात सरकारचे भागभांडवल अशी सूचना केली होती. उलट लहान गावापुरती संस्था असावी असे नेहरूंचे म्हणणे होते. 1960 च्या मेहता अहवालाने मधली वाट काढली : संस्था स्वतःच्या पायावर उभी राहू शकेल एवढी मोठी असावी, पण तीन-चार मैलांच्या पलीकडे जाऊ नये, म्हणजे सभासद एकमेकांना ओळखतील. ओळख हे पतीचे मूळ आहे, ही बारामतीच्या शाखेपासूनची त्यांची धारणा शेवटपर्यंत सुटली नाही.

27 ऑक्टोबर 1964 रोजी वैकुंठभाईंचे निधन झाले. पुण्यातील राष्ट्रीय सहकार व्यवस्थापन संस्थेला त्यांचे नाव आहे. त्यांच्या मृत्यूनंतर दीड वर्षात, 1 मार्च 1966 पासून, बँकिंग नियमन कायदा सहकारी बँकांनाही लागू झाला, आणि त्यामुळे अंबरनाथ जयहिंद किंवा 1973 साली निघालेली कल्याण जनता यांसारख्या या भागातील नागरी सहकारी बँका नोंदणी, निवडणुका आणि सभासदांचे हक्क यांबाबत सहकार निबंधकाला, तर ठेवी, रोखता आणि कर्जव्यवहार यांबाबत रिझर्व्ह बँकेला उत्तरदायी झाल्या. बदलापूर-अंबरनाथची भातखाचरे औद्योगिक वसाहतींखाली आणि मग इमारतींखाली गेली तसतसा या भागातील सहकारी कर्जदारही बदलला. पीककर्जाच्या जागी पगारदारांचे घरकर्ज आणि दुकानदारांचे खेळते भांडवल आले, आणि सभासदांनी एकमेकांना ओळखण्याची अट तीन-चार मैलांच्या आतही पाळता येईनाशी झाली.